पटावरची चौसष्ट घरे



बुद्धिबळाचा पट तुम्ही पाहिलेला आहे. खेळता येत नसले तरी पाहिलेला आहेच. आठ ओळी, दर ओळीत आठ घरे, एक पांढरे तर शेजारचे काळे. आता अशी कल्पना करा की, हा पट तुम्हाला स्वतः काढायचा नाही, दुसऱ्याकडून काढून घ्यायचा आहे. आणि तो दुसरा आहे पक्का सांगकाम्या. "पट काढ रे" म्हटले तर तो नुसता उभा राहील, कारण पट म्हणजे काय हे त्याला ठाऊक नाही. "एक आड एक घर काळे कर" म्हटले तरी त्याचे काम अडेल. सुरुवात कुठून करू? ओळ संपली की काय करू? हे तुम्ही सांगितलेलेच नाही. मात्र त्याच्या अंगी एक मोठा गुण आहे. तो कंटाळत नाही. चौसष्ट घरे सांगा की चौसष्ट लाख सांगा, तो कुरकुर करायचा नाही.

हा सांगकाम्या म्हणजे संगणक. त्याला पट काढायला कसे सांगायचे, एवढाच आजच्या भाषणाचा विषय. विषय पोरखेळासारखा वाटेल. पण संगणकाला कामाला लावण्याचे शास्त्र शिकताना पहिल्या दोन-चार महिन्यांत मुले जिथे ठेचकाळतात, त्या जागा या एका पटात एकत्र भेटतात. म्हणून जगभरचे शिक्षक हाच पट पुन्हा पुन्हा घालतात.

शिक्षकबंधूंसाठी आणि भगिनींसाठी आणखी एक कारण आहे. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने सहावी ते आठवीच्या टप्प्यात या विषयाची ओळख करून द्यावी असे म्हटले आहे. धोरणात लिहिणे सोपे असते. खेड्यातल्या शाळेत एक संगणक असतो, तो कधी कपाटात असतो, आणि तो बाहेर काढला त्या दिवशी वीज नसते. मग होते काय, तर फळ्यावर दहा इंग्रजी ओळी लिहिल्या जातात, मुले त्या वहीत उतरवून घेतात आणि पाठ करतात. हीच मुले पुढे महाविद्यालयात माझ्यासमोर येतात. पाठ केलेला पट ती अचूक लिहून देतात. "आठाऐवजी नऊ घरांचा करा पाहू" म्हटले की वर्ग चिडीचूप. त्यातली काही हुशार मुले, विशेषतः गावाकडून आलेली, "आपलं इंग्रजी कच्चं, हा विषय आपला नव्हे" असे ठरवून महिन्याभरात बाजूला होतात. मला याचे वाईट वाटते, कारण या पटात अडचण इंग्रजीची नाहीच. इंग्रजी शब्द यात पाच-सहा. अडचण आहे ती मनात चित्र नसण्याची, आणि ते चित्र तर मुलाच्या मनात आधीपासून असते. कसे, ते सांगतो.

प्रथम एकच ओळ घ्या. सांगकाम्याला आठ वेळा "घर काढ, घर काढ" असे म्हणण्यापेक्षा "आठ वेळा घर काढ" म्हणणे बरे. एकच आज्ञा ठरावीक वेळा करून घेण्याच्या या युक्तीला इंग्रजीत लूप म्हणतात. आपण तिला फेरा म्हणू. एका फेऱ्याने एक ओळ झाली. पण ओळी आठ हव्यात. मग काय करायचे? "आठ वेळा घर काढ" हेच वाक्य आठ वेळा लिहायचे? नाही. त्या सबंध वाक्यालाच आणखी एक फेरा घालायचा: "आठ वेळा हे कर: आठ वेळा घर काढ, आणि खालच्या ओळीवर ये." झाला फेऱ्यात फेरा. बाहेरचा ओळींचा, आतला घरांचा.

मुले इथे अडखळतात. दोन फेरे बरोबर चालतात की एकापाठोपाठ एक, हे त्यांना उमगत नाही. अशा वेळी त्यांना पाढे म्हणायला सांगावे. बे एके बे, बे दुणे चार, असे करीत बे दाहे वीस. मग तीन एके तीन. आता विचारा: "बे दाहे वीस झाल्यावर तीन अकरे तेहेतीस का नाही म्हटलंस? तीन एके का म्हटलंस?" मूल हसेल. नवा पाढा लागला की एके पासूनच सुरुवात व्हायची, हे त्याला कुणी सांगावे लागत नाही. बाहेरचा फेरा दोन, तीन, चार असा सावकाश जातो. आतला एके-दुणे-त्रिक असा भराभर पळतो. आणि बाहेरचा एक पाऊल पुढे गेला की आतला पुन्हा पहिल्यापासून सुरू होतो. दोन ते दहा हे नऊ पाढे म्हणणाऱ्या मुलाने नव्वद वेळा तोंड उघडलेले असते. फेऱ्यात फेरा म्हणजे नेमके हेच. यात नवे काही नाही. नवे आहे ते फक्त नाव.

शेतकरी बांधवांना दुसरा दाखला देतो. कापसाची चौफुलीवर लागवड करताना एका ओळीत ठरावीक अंतरावर बी टोकीत आपण शेवटपर्यंत जातो, मग पुढच्या ओळीला लागतो आणि पुन्हा पहिल्या फुलीपासून सुरुवात करतो. तोच प्रकार.

आता हे यंत्राशिवाय करून पाहू. शाळेच्या अंगणात फक्कीने आठ बाय आठ घरे आखा. दोन मुलांच्या हाती पाट्या द्या. एक ओळवाला, दुसरा घरवाला. दोघांच्या पाटीवर शून्य. घरवाला दर वेळी आपला आकडा एकाने वाढवतो: शून्य, एक, दोन, असे सातपर्यंत. सात झाले की तो पाटी पुसून पुन्हा शून्य लिहितो, आणि ओळवाला आपला आकडा एकाने वाढवतो. तिसरे मूल दोन्ही पाट्या पाहून त्या घरात उभे राहते. ओळवाल्याची पाटी सातावर आणि घरवाल्याचीही सातावर आली की पट संपला. दहा-पंधरा मिनिटांचा हा खेळ आहे. घरवाल्याचा हात दुखतो, ओळवाला निवांत असतो, आणि पोरांना त्यातली गंमत लगेच कळते.

शून्यापासून का, असे कुणीतरी विचारणारच. विचारावेच. पहिल्या घराला एक म्हणायचे सोडून शून्य का म्हणायचे? याचे उत्तर असे की, हा आकडा घराचा क्रमांक नव्हे, सुरुवातीपासूनचे अंतर आहे. नागपूरच्या झिरो माइलच्या दगडापाशी उभे राहिले तर अंतर शून्य, तसे. पहिले घर सुरुवातीपासून शून्य पावलांवर, आठवे घर सात पावलांवर. म्हणून संगणकाला आठ म्हटले की तो शून्यापासून मोजतो आणि आठाच्या अलीकडे, सातावर थांबतो. शून्य ते सात मिळून आठच होतात, बोटे मोजून पाहा. एक पासून मोजूनही पट काढता येतो. त्याने काही बिघडत नाही. पण ज्या भाषेत मी पुढे आज्ञा सांगणार आहे तिची रीत शून्याची आहे, तेव्हा तीच अंगवळणी पाडून घ्यावी.

इथपर्यंत घरे झाली, रंग नाही. खरी मौज रंगात आहे.

मुलांना विचारले की रंग कसा द्यायचा, तर शंभरातली नव्वद सांगतात: "एक पांढरं, एक काळं, एक पांढरं, एक काळं, असं शेवटपर्यंत." ऐकायला बिनचूक वाटते. सांगकाम्याला तसेच सांगू. मागचे घर पांढरे असेल तर हे काळे कर, काळे असेल तर पांढरे कर. पहिली ओळ झाली: पांढरे, काळे, पांढरे, काळे, आणि आठवे घर काळे. दुसरी ओळ सुरू. मागचे घर काळे होते, म्हणून हे पांढरे. अरेच्चा! पहिल्या ओळीच्या पांढऱ्याखाली दुसऱ्या ओळीचे पांढरेच आले. तिसऱ्या ओळीतही तसेच. पट व्हायच्या ऐवजी उभ्या पट्ट्यांचा पायजमा झाला!

माझ्या वर्गात दर वर्षी एखादा तरी विद्यार्थी हा पायजमा पाहून म्हणतो, "सर, मशीन बिघडलंय." मशीन बिघडलेले नसते. त्याने सांगितले तेच केलेले असते. अशा वेळी विद्यार्थ्याला चटकन उत्तर सांगून टाकण्याचा मोह शिक्षकाला होतो. तो आवरावा, आणि म्हणावे, "बरं, आता दर ओळीत आठाऐवजी सात घरं घे." तो सात घेतो आणि चकित होतो, कारण त्याच आज्ञेने आता अस्सल पट निघतो. नऊ घेतली तरी निघतो. दहा घेतली की पुन्हा पायजमा.

असे का व्हावे? हा प्रश्न वर्गात पाच मिनिटे तसाच लोंबकळू द्यावा. कुणीतरी पोर सांगेल की, सात घरांच्या ओळीत पहिले आणि शेवटचे घर एकाच रंगाचे येते, म्हणून पुढची ओळ आपोआप उलट रंगाने सुरू होते. आठ घरांच्या ओळीत सुरुवात पांढऱ्याने आणि शेवट काळ्याने, म्हणून पुढची ओळ पुन्हा पांढऱ्याने. आठ ही सम संख्या आहे, हा सगळा घोळ तिचा. "एक आड एक" या वाक्यात काही खोटे नव्हते. ते ओळीपुरते खरे होते, पटापुरते नव्हते. आपण आडवे पाहिले आणि उभे पाहायचे राहिले.

मग उपाय काय? एक उपाय असा की, प्रत्येक ओळीच्या आरंभी रंग मुद्दाम उलटा करावा. तो चालतो. पण त्यात सांगकाम्याला मागचे लक्षात ठेवावे लागते. मला त्याहून दुसरा उपाय आवडतो, कारण त्यात मागचे काही आठवावे लागत नाही. घराने स्वतःचा रंग स्वतःच ओळखायचा.

अंगणातल्या त्या दोन पाट्या आठवा. ओळवाल्याचा आकडा आणि घरवाल्याचा आकडा यांची बेरीज करा. बेरीज सम आली तर घर पांढरे, विषम आली तर काळे. बस्स. तिसरी ओळ, म्हणजे पाटीवर दोन. सहावे घर, म्हणजे पाटीवर पाच. दोन आणि पाच सात. विषम, म्हणजे काळे. मधलेच कुठलेही घर विचारा, शेजाऱ्याकडे न पाहता उत्तर मिळते.

हे नेहमी बरोबर का येते तेही पाहू, नाहीतर हाही एक मंत्र पाठ केल्यासारखे होईल. उजवीकडे एक घर सरकलात तर घराचा आकडा एकाने वाढला, ओळीचा तोच राहिला. बेरीज एकाने वाढली. समाची विषम झाली, रंग बदलला. खाली एक घर उतरलात तर ओळीचा आकडा एकाने वाढला, घराचा तोच. बेरीज पुन्हा एकाने वाढली, रंग बदलला. म्हणजे आडवा शेजारी असो वा उभा, रंग उलटच येणार. आणि तिरके गेलात तर? एक घर उजवीकडे आणि एक खाली गेलात तर बेरीज दोनाने वाढली. एक उजवीकडे आणि एक वर गेलात तर एक वाढला, एक कमी झाला, बेरीज तीच. दोन्हीकडे रंग कायम. म्हणूनच बुद्धिबळातला उंट जन्मभर आपल्या एकाच रंगावर चालतो. घोडा दोन घरे आणि एक घर मिळून बेरीज एकाने नाहीतर तीनाने बदलतो, म्हणजे विषमानेच, म्हणून प्रत्येक उडीला त्याचा रंग बदलतो. गावात बुद्धिबळ खेळणारे म्हातारे असतात, त्यांना हे खेळून खेळून ठाऊक असते. त्यांना वर्गात बोलवावे.

सम बेरीज पांढरीच का धरली? तर खेळाचा नियम आहे की, खेळाडूच्या उजव्या हाताचे कोपऱ्यातले घर पांढरे असले पाहिजे. आपल्या पटावर ते घर म्हणजे ओळ सात, घर सात. बेरीज चौदा. सम. म्हणून सम ते पांढरे. जाता जाता सांगायला हरकत नाही की आपल्याकडचा जुना अष्टापद पट एकरंगीच असे. घरे आलटून पालटून दोन रंगांची करण्याची चाल मध्ययुगात युरोपात पडली.

आता आज्ञावली. पुस्तिकेत ती खाली छापली आहे. मराठीतच लिहिली आहे, आणि आधी मराठीतच समजून घ्यावी. पांढऱ्या घरासाठी टिंब आणि काळ्या घरासाठी फुलीचे चौकट-चिन्ह घेतले आहे.

ओळ ० पासून ७ पर्यंत. दर ओळीसाठी हे कर:
    घर ० पासून ७ पर्यंत. दर घरासाठी हे कर:
        (ओळ + घर) ला २ ने भागून बाकी ० उरली तर:
            . लिही
        नाहीतर:
            # लिही
    खालच्या ओळीवर ये

यातून निघणाऱ्या पहिल्या तीन ओळी अशा:

.#.#.#.#
#.#.#.#.
.#.#.#.#

पायथन नावाच्या भाषेत ही आज्ञावली जवळजवळ शब्दाला शब्द ठेवून लिहिता येते. ही भाषा गिदो व्हान रॉसम या डच गृहस्थाने तयार केली आणि १९९१ साली ती प्रथम लोकांपुढे आली. ती विनामूल्य मिळते. यात लागणारे शब्द किती, तर फेऱ्यासाठी फॉर आणि इन, किती वेळा ते सांगायला रेंज, "तर"साठी इफ, "नाहीतर"साठी एल्स, आणि लिहिण्यासाठी प्रिंट. बाकी काढण्यासाठी टक्क्याचे चिन्ह वापरतात. त्याचा टक्केवारीशी इथे काही संबंध नाही. एवढे शब्द रोमन अक्षरांत लिहावे लागतात. पण पुष्कळ शिक्षकांना ठाऊक नसते ती गोष्ट अशी की, आकडे साठवणाऱ्या पाट्यांची नावे पायथनमध्ये देवनागरीत ठेवता येतात. २००८ साली आलेल्या तिसऱ्या आवृत्तीपासून ही सोय आहे. "ओळ" आणि "घर" अशीच नावे लिहा, यंत्र तक्रार करीत नाही. आज्ञेतले आकडे मात्र इंग्रजी पद्धतीचेच हवेत. देवनागरी आठ तिथे चालत नाही. ज्या मुलाला इंग्रजीची धास्ती आहे त्याने पाटीला आपल्या भाषेत नाव दिले की निम्मी धास्ती जाते, असा माझा अनुभव आहे. पुढे नोकरीधंद्यात तो इंग्रजी नावे वापरील, वापरू द्या. शिकताना मात्र डोके एका वेळी एकाच गोष्टीला लावावे.

छापलेल्या आज्ञावलीत ओळी आत सरकवून लिहिल्या आहेत, ते शोभेसाठी नव्हे. पायथनमध्ये कोणती आज्ञा कोणत्या फेऱ्याच्या पोटात आहे हे या सरकवण्यावरूनच ठरते. दर पायरीला चार मोकळ्या जागा सोडण्याचा प्रघात आहे. आता शेवटची ओळ पाहा: "खालच्या ओळीवर ये." ती बाहेरच्या फेऱ्याच्या पोटात आहे, आतल्याच्या नाही. म्हणजे आठ घरे झाली की एकदा, असे आठ वेळा ती पाळली जाते. तीच ओळ आणखी चार जागा आत ढकलून आतल्या फेऱ्यात घाला. काय होईल? दर घरानंतर यंत्र खाली उतरेल आणि एकाखाली एक चौसष्ट चिन्हांची उभी काठी मिळेल. उलट तीच ओळ अगदी डावीकडे, दोन्ही फेऱ्यांच्या बाहेर काढा. आता यंत्र मध्ये कुठेच खाली उतरणार नाही. चौसष्ट चिन्हांची एकच आडवी मिरवणूक निघेल. आज्ञा तीच, अक्षरही बदललेले नाही, फक्त जागा बदलली. मुलांकडून हे तिन्ही प्रकार मुद्दाम करून घ्यावेत. "काय होईल?" हे आधी वहीत काढायला लावावे आणि मगच यंत्राला विचारावे. एकच संगणक असलेल्या शाळेला ही रीत फार सोयीची आहे. चाळीस मुले वहीत चित्र काढतात, आणि शेवटी एकदाच यंत्र सुरू करून कुणाचे बरोबर आले ते बघतात. वीज दहा मिनिटे आली तरी पुरे.

प्रिंटच्या स्वभावाची एक खोड सांगून ठेवतो. त्याला काहीही लिहायला सांगितले की, लिहून झाल्यावर तो आपणहून खालच्या ओळीवर जातो. म्हणून टिंब आणि चौकट लिहिताना "लिहून झाल्यावर काही करू नको, तिथेच थांब" असे त्याला वेगळे सांगावे लागते. हे न सांगितल्यामुळेही ती उभी काठी मिळते. ओळीच्या शेवटी मात्र काहीच न लिहिता नुसते प्रिंट म्हणायचे. म्हणजे तो फक्त खाली उतरतो.

हे फेऱ्यात फेरा प्रकरण यंत्राहून जुने आहे, असे म्हटले तर नवल वाटेल. इंग्लंडात चार्ल्स बॅबेज याने एका मोठ्या गणनयंत्राचा आराखडा केला होता. ते यंत्र त्याच्या हयातीत पुरे झाले नाही. पण त्याच्यावरच्या एका लेखाला एडा लव्हलेस या विदुषीने १८४३ साली ज्या विस्तृत टिपा जोडल्या, त्यांत आवर्तनाच्या पोटातल्या आवर्तनाचा विचार स्पष्ट मांडलेला आहे. यंत्र नाही, वीज नाही, पडदा नाही, आणि कल्पना मात्र पुरी! या टिपांत तिने बॅबेजच्या यंत्राची तुलना फ्रान्समधल्या जॅकार्डच्या मागाशी केली. त्या मागावर भोके पाडलेल्या पुठ्ठ्याच्या पट्ट्यांवरून नक्षी ठरे, आणि पट्ट्यांची ती कल्पना बॅबेजने आपल्या यंत्रासाठी उचलली होती. आपल्या सोलापुरी चादरीवरची वेलबुट्टी विणली जाते ती जॅकार्डच्याच तत्त्वावर. आणि मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आपल्या लोकांनी बांधलेला संगणक १९६० साली चालू झाला. पंडित नेहरूंनी १९६२ साली त्याला टिफ्रॅक हे नाव दिले. तेव्हा हा विषय परक्यांचा, असे मानण्याचे कारण नाही.

विणकामाचे नाव निघाले आहे तर एक मिनिट थांबू. अंगातल्या खादीच्या सदऱ्याकडे भिंगातून पाहा. उभे धागे म्हणजे ताणा, आडवे धागे म्हणजे बाणा. साध्या विणीत आडवा धागा एका उभ्या धाग्यावरून जातो, पुढच्याच्या खालून, त्याच्या पुढच्याच्या वरून. परतताना बरोबर उलट. जिथे वरून गेला होता तिथे आता खालून. उभे धागे पांढरे आणि आडवे काळे घेतले तर कापडावर काय दिसेल? बुद्धिबळाचा पट. आणि परतताना उलट करायला विणकर विसरला, तर वीण धरणारच नाही. आपला पायजम्याच्या पट्ट्यांचा घोटाळा मागावर झाला असता तर कापडच सुटे झाले असते. वर्गात दोन रंगांच्या कागदी पट्ट्या विणून हे पाच मिनिटांत दाखवता येते. बुरूडकाम करणाऱ्या घरचे मूल वर्गात असेल तर ते शिक्षकालाही शिकवील.

आता थोडा अभ्यास. आठाच्या जागी नऊ घाला. दोन्ही ठिकाणी. चिन्हे किती लिहिली जातील? एक्याऐंशी. त्यांतली पांढरी किती, काळी किती? सारखी वाटणी होणार नाही. पांढरी एक्केचाळीस आणि काळी चाळीस येतील. का, ते मुलांना शोधू द्या. आठाच्या जागी शंभर घाला. दहा हजार घरे, आणि आज्ञावली होती तेवढीच सात ओळींची.

मग बाकी दोनाऐवजी तीनाने भागून काढा, आणि शून्य उरली तरच टिंब लिहा. तिरप्या रेघा उतरू लागतील. चाराने भागलीत तर त्या रेघा विरळ होतील. जीनच्या कापडावर ज्या तिरप्या रेघा दिसतात त्या याच हिशेबाच्या. चार-चार घरांचा मिळून एक मोठा चौकोन हवा असेल, तर बेरीज करण्यापूर्वी दोन्ही आकड्यांचे निम्मे करा आणि उरलेला अर्धा सोडून द्या. पंचाचे अडीच न म्हणता दोन म्हणा. मुलींना रांगोळीचे ठिपके सांगा: पहिल्या ओळीत एक, दुसरीत दोन, तिसरीत तीन. इथे आतल्या फेऱ्याला "किती वेळा" हे बाहेरच्या फेऱ्याच्या आकड्यावरून ठरते. ही पायरी थोडी अवघड आहे. पट पक्का झाल्याखेरीज तिला हात घालू नये.

शेवटी एक कोडे देतो. ते मॅक्स ब्लॅक या तत्त्वज्ञाने १९४६ साली मांडले, आणि त्याला यंत्र लागत नाही. अंगणातल्या चौसष्ट घरांपैकी समोरासमोरचे तिरपे दोन कोपरे पुसून टाका. म्हणजे ओळ शून्य, घर शून्य हे एक. आणि ओळ सात, घर सात हे दुसरे. बासष्ट घरे उरली. आता शेजारशेजारची दोन घरे बरोबर झाकतील अशा एकतीस फळ्या घ्या. एकतीस दुणे बासष्ट, हिशेब जुळतो. या फळ्यांनी सगळी घरे झाकून दाखवा. फळी आडवी ठेवा, उभी ठेवा. तिरपी ठेवायची नाही, तोडायची नाही. पोरे तासभर खटपट करतील, दर वेळी दोन घरे उघडी राहतील. ती दोन घरे कोणत्या रंगाची राहतात तेवढे त्यांना पाहायला सांगा, आणि पुसलेल्या दोन कोपऱ्यांच्या पाट्यांवरची बेरीज करायला सांगा.